फ्लोचा रिपोर्ट निगेटिव्ह आला, मग गाठ कशाला काढायची?

वाचकाचं पत्र

माझे सासरे ६३ वर्षांचे आहेत. आम्ही डोंबिवलीला राहतो. दोन महिन्यांपासून त्यांच्या मानेत उजवीकडे साधारण तीन सेंटीमीटरची गाठ आहे. संध्याकाळी ताप येतो, रात्री बनियन पिळून काढावं इतका घाम येतो आणि वजन ७० वरून ६२ किलोवर आलं आहे. सुईने पेशी काढून तपासल्या, त्याच नमुन्यावर फ्लो सायटोमेट्रीही (लेसरने एकेक पेशी तपासण्याची चाचणी) केली. रिपोर्टमध्ये लिहिलं आहे: जिवंत पेशी ४१ टक्के, तपासलेल्या जिवंत पेशी ८,०००, टी पेशी ८८ टक्के, बी पेशी ३ टक्के, सीडी४-सीडी८ प्रमाण ४:१, असामान्य पेशीसमूह आढळला नाही. तरी परळचे डॉक्टर अख्खी गाठ काढा म्हणतात. ऑपरेशन इथल्याच एका नर्सिंग होममध्ये होईल आणि नमुना आम्ही परळला पोचवायचा आहे. दीर म्हणतात, एवढ्या मोठ्या मशीनवरची टेस्ट चांगली आली, आता गाठीला हात लावला तर उगाच पसरेल. फ्लोवरून स्टेजही कळते असं ऐकलं. आम्ही काय करावं?

– एक वाचक, डोंबिवली

उत्तर

ताई, गाठ काढून घ्या, आणि शक्यतो याच आठवड्यात. तुमच्या हातातला रिपोर्ट ‘लिंफोमा (लसिकाग्रंथींचा कर्करोग) नाही’ असं सांगत नाही. ‘मशीनपर्यंत ज्या पेशी पोचल्या, त्यांत आम्हाला लिंफोमा दिसला नाही’ एवढंच तो सांगतो. तुमच्या सासऱ्यांच्या बाबतीत पोचलेल्या पेशी फारच थोड्या होत्या, आणि हे त्याच कागदावरच्या आकड्यांत लिहिलेलं आहे.

जिवंत पेशी ४१ टक्के, म्हणजे निम्म्याहून जास्त पेशी वाटेतच मेल्या. मेलेल्या पेशींना तपासणीची प्रतिपिंडं (पेशीवरची ठरावीक खूण ओळखून चिकटणारी प्रथिनं) कशीही चिकटतात, म्हणून तपासताना त्या बाजूला काढाव्या लागतात. उरल्या ८,०००. टी आणि बी हे लिंफोसाइट या पांढऱ्या पेशींचे प्रकार; त्यातल्या ३ टक्के बी पेशी म्हणजे अवघ्या २४०. बी पेशींचा लिंफोमा ओळखताना पहिला प्रश्न असतो तो कप्पा आणि लॅम्डा या दोन प्रथिन-साखळ्यांचा. प्रत्येक बी पेशीच्या अंगावर या दोहोंपैकी एकच असते. निरोगी गाठीत दोन्ही प्रकारच्या पेशी मिसळलेल्या असतात, कप्पावाल्या थोड्या जास्त, सर्वसाधारणपणे दीडपट-दुप्पट. सगळा जथा एकाच साखळीचा निघाला, तर तो एकाच पेशीपासून वाढलेला आहे असा संशय पक्का होतो. २४० पेशी, त्याही वेगवेगळ्या ट्यूबांत वाटलेल्या, यांच्यावर असा निवाडा करता येत नाही. रिपोर्टमध्ये कप्पा-लॅम्डाचा आकडाच नाही, हे तुमच्या लक्षात आलं का? पॅथॉलॉजिस्टने तो दिला नाही हे योग्यच केलं. फक्त शेवटी ‘नमुना अपुरा’ असे दोन शब्द ठळक लिहिले असते, तर तुमच्या घरातला वाद टळला असता.

सीडी म्हणजे पेशींवरच्या क्रमांक दिलेल्या खुणा. सीडी४-सीडी८ प्रमाण ४:१ आहे म्हणून घाबरू नका, आणि त्यावर विसंबूही नका. साध्या सुजेतही ते वाढतं, हॉजकिन लिंफोमातही वाढतं आणि टी पेशींच्या काही लिंफोमांतही.

आता मशीन काय करतं ते थोडक्यात सांगतो, म्हणजे ते कुठे चुकतं हे कळेल. गाठीचा तुकडा ब्लेडने बारीक करून जाळीतून गाळतात, लाल पेशी रसायनाने फोडतात, उरलेल्या पेशी धुतात. मग चकाकणाऱ्या रंगांची शेपटी लावलेली प्रतिपिंडं घालून नमुना पंधरा-वीस मिनिटं अंधारात ठेवतात. त्यानंतर पेशी एकामागून एक लेसरसमोरून जातात, सेकंदाला हजारोंनी. पेशी किती मोठी, आतून किती दाणेदार आणि तिच्यावर कोणकोणते रंग चमकतात याची नोंद होते. हे सगळं जिवंत, सुट्या पेशींवर होतं. पेशी गाठीत कुठे बसली होती, शेजारी कोण होतं, तिथली मूळ रचना टिकून होती की मोडली होती, यातलं काहीही मशीनला कळत नाही. लिंफोमाचं निम्मं निदान त्या रचनेतच असतं.

त्यातून काही जातींचे लिंफोमा फ्लोच्या हातून अनेकदा निसटतात. हॉजकिन लिंफोमात खरी रोगट पेशी, म्हणजे रीड-स्टर्नबर्ग पेशी, बहुधा शंभरात एखादीच असते. बाकी सगळी गर्दी साध्या टी पेशी, इओसिनोफिल वगैरेंची. शिवाय ती आकाराने मोठी असते आणि टी पेशी तिला वेढून चिकटलेल्या असतात. नेहमीच्या फ्लोमध्ये मग टी पेशीच टी पेशी दिसतात आणि रिपोर्ट ‘असामान्य काही नाही’ असा येतो. दुसरा प्रकार मोठ्या बी पेशींच्या लिंफोमाचा. या पेशी नाजूक असतात, बारीक करताना आणि धुताना फुटतात. गाठीत तंतुमय जाळं जास्त असेल तर सुटतच नाहीत. वाचतात त्या लहान, निरोगी पेशी, आणि त्यांचाच रिपोर्ट येतो. गाठीचा मधला भाग सडलेला असेल आणि सुई नेमकी तिथेच गेली असेल, तरी तेच होतं. एरवी शितावरून भाताची परीक्षा होते, पण इथे हाताला लागलेलं शीत दुसऱ्याच पातेल्यातलं असू शकतं.

तुमच्या सासऱ्यांना यातलं काय आहे हे पत्रावरून सांगता येणार नाही, ते सांगणं बरोबरही नाही. पण सहा महिन्यांत दहा टक्क्यांहून जास्त वजन घटणं, ताप आणि कपडे भिजवणारा घाम ही तिन्ही लक्षणं एकत्र असताना ४१ टक्के जिवंत पेशींच्या रिपोर्टवर थांबणं धोक्याचं आहे.

मग फ्लो कुचकामी आहे का? मुळीच नाही. रक्तातच रोगट पेशी भरपूर असतील, तर गाठ कापायचीही गरज पडत नाही. क्रॉनिक लिंफोसायटिक ल्युकेमिया, म्हणजे सीएलएल, हे त्याचं ठळक उदाहरण. रक्ताच्या एका मायक्रोलिटरमध्ये एकाच साखळीच्या ५,००० किंवा अधिक बी पेशी तीन महिने टिकून असतील, त्यांवर सीडी५ आणि सीडी२३ असेल, सीडी२० आणि कप्पा किंवा लॅम्डा फिकट असेल, सीडी२०० असेल, तर निदान तिथेच होतं. त्याचा जुळा वाटावा असा मँटल सेल लिंफोमाही सीडी५ दाखवतो. पण त्यात सीडी२३ आणि सीडी२०० सहसा नसतात, सीडी२० भडक असतं, आणि सायक्लिन डी१ हे प्रथिन तपासून खात्री करावी लागते. या दोघांची गल्लत परवडत नाही, कारण उपचार अगदी वेगळे आहेत. सीडी१० असलेल्या एकाच साखळीच्या बी पेशी दिसल्या तर फॉलिक्युलर लिंफोमाकडे बोट जातं, पण त्याची ग्रेड (रोग किती आक्रमक ते) फ्लोवर कळत नाही, त्यासाठी स्लाइडच हवी. तुमच्या सासऱ्यांच्या रक्ताचा सीबीसी झाला असेल आणि त्यात लिंफोसाइट वाढलेल्या असतील, तर रक्तावर फ्लो करणं सोपं आणि बिनकापाकापीचं आहे. वाढलेल्या नसतील तर त्यात वेळ घालवू नका.

दिरांना सांगा की गाठ काढल्याने लिंफोमा पसरत नाही. हा रोग मुळातच लसिकासंस्थेतून फिरणाऱ्या पेशींचा आहे, त्याच्यावर उपचारही सगळ्या शरीराला पोचणाऱ्या औषधांनी होतात. गाठ काढायची ती निदानासाठी. खरी जोखीम वेगळी आहे. मानेच्या बाजूने खांदा उचलणारी एक नस जाते, ती दुखावली तर हात वर नेणं कठीण होतं. म्हणून मानेच्या गाठी नेहमी काढणारा सर्जन निवडा. ‘मान सोडून जांघेतली गाठ काढू, सोपी पडते’ असं कुणी म्हणालं, तर दुसरीकडे मोठी गाठ असताना ते मान्य करू नका. जांघेतल्या गाठी पायाच्या जखमा-चिखल्यांनीही सुजलेल्या असतात आणि उत्तर देत नाहीत. पेट-सीटी (रोगाची जागा चमकवून दाखवणारा शरीराचा स्कॅन) आधी होणार असेल तर त्यात सर्वांत जास्त चमकणारी, हाताशी असलेली गाठ निवडावी.

आता ऑपरेशनचा दिवस. सगळ्यात जास्त नमुने इथेच वाया जातात, म्हणून जरा सविस्तर.

नर्सिंग होममध्ये सवयीने काय होतं? गाठ निघाली की सिस्टर ती फॉर्मॅलिनच्या बाटलीत टाकते आणि झाकण लावते. तेवढ्याने फ्लो संपला. फॉर्मॅलिनने पेशी मरतात, घट्ट होतात आणि नंतर कितीही धुतलं तरी त्या सुट्या होऊन मशीनवर चालत नाहीत. टीबीचं कल्चरही त्यातून लागत नाही. म्हणून ऑपरेशनच्या आदल्या दिवशी सर्जनशी स्वतः बोला, नुसत्या चिठ्ठीवर सोडू नका. बोलायचं ते एवढंच: गाठ ताजी हवी आणि फॉर्मॅलिनमध्ये घालण्याआधी तिचे भाग करायचे आहेत.

तीन बाटल्या लागतील. पहिलीत १० टक्के न्यूट्रल बफर्ड फॉर्मॅलिन, तुकड्याच्या निदान दहापट. गाठीचा मोठा भाग यात जातो, कारण अंतिम निदान त्याच्यावरच होणार. फॉर्मॅलिन ऊतीत तासाला साधारण एक मिलीमीटर शिरतं. अख्खी गाठ न कापता टाकली तर मधला भाग आतल्या आत कुजतो, म्हणून पातळ चकत्या करून घालायला सांगा. दुसऱ्या बाटलीत फ्लोसाठी अर्धा ते एक घन सेंटीमीटरचा तुकडा, आरपीएमआय नावाच्या द्रवात. हे गुलाबीसर द्रव परळच्या प्रयोगशाळेतूनच आधी मागून आणा. पिवळं पडलं किंवा गढूळ झालं असेल तर वापरू नका. ते मिळालंच नाही तर निर्जंतुक नॉर्मल सलाइन चालतं, पण मग काही तासांच्या आत पोचवायचं. कोरड्या गॉजमध्ये गुंडाळलेला तुकडा वाळतो, तसा तो देऊ नका. तिसरी बाटली निर्जंतुक, थोडं सलाइन घातलेली, टीबीच्या सीबीनॅट (जंतूचा डीएनए शोधणारी चाचणी) आणि कल्चरसाठी. मुंबईत मानेची गाठ म्हटली की पहिली शंका टीबीचीच येते, आणि ती रास्त आहे. लिंफोमा आणि टीबी एकाच माणसात असल्याचंही दिसतं. ही तिसरी बाटली विसरली आणि स्लाइडवर ग्रॅन्युलोमा (टीबीत दिसणारे पेशींचे पुंजके) दिसले, तर पुन्हा दुसरी गाठ शोधत बसावं लागेल.

प्रत्येक बाटलीवर, झाकणावर नव्हे, नाव, वय, मानेची उजवी बाजू आणि नमुना काढल्याची वेळ लिहा. बाटल्या एकमेकांना खेटून ठेवू नका. फॉर्मॅलिन सांडून दुसऱ्या बाटलीत गेलं तर केलेलं सगळं पाण्यात.

प्रवासाचं म्हणाल तर शनिवारी दुपारचं ऑपरेशन टाळा. फ्लोचा नमुना रविवारभर पडून राहिला तर पुन्हा ४१ टक्क्यांचीच कथा. सोमवार ते गुरुवार, सकाळी पहिली केस, हे उत्तम. नमुना त्याच दिवशी पोचला तर छान, फार तर २४ तासांत. आरपीएमआयमध्ये पेशी ४८ तासांपर्यंत तग धरू शकतात, पण वेगाने वाढणारा लिंफोमा असेल तर त्याच्या पेशी तेवढी वाट पाहत नाहीत. डोंबिवलीहून फास्टने दादर आणि तिथून परळ, एवढ्या प्रवासाला एरवी बर्फाची गरज नाही, उन्हाळ्यात मात्र थर्मासच्या डब्यात जेलपॅक ठेवा आणि त्याच्याभोवती टॉवेल गुंडाळा. बाटली थेट बर्फाला टेकली तर पेशी गोठून फुटतात. जोराचा पाऊस असेल आणि कुर्ला-सायनला पाणी भरायची चिन्हं असतील तर ऑपरेशन एक दिवस पुढे ढकलायला सर्जनला सांगायला लाजू नका. निघण्याआधी प्रयोगशाळेत फोन करून नमुना किती वाजेपर्यंत घेतात ते विचारा. परळमध्ये टाटा मेमोरियल आणि केईएम दोन्ही आहेत, तेव्हा नेमकी इमारत, मजला आणि खिडकी लिहून घ्या. बाटली चुकीच्या खिडकीवर तीन तास बसून राहणं हेही नमुना खराब होण्याचं एक नेहमीचं कारण आहे.

बाटलीइतकाच महत्त्वाचा असतो सोबतचा कागद. वय, लक्षणं, सीबीसी, एलडीएच (रक्तातलं एक एन्झाइम), आधीचा फ्लो आणि चालू औषधं त्यावर हवीत. पॅथॉलॉजिस्ट कोणत्या प्रतिपिंडांचा संच लावायचा ते त्यावरून ठरवतो. टी पेशींच्या लिंफोमाची शंका असेल तर सीडी२, सीडी५, सीडी७ यांपैकी काही गळालंय का हे बघावं लागतं, आणि टीआरबीसी१ सारखं प्रतिपिंड जोडलं तर टी पेशींचा जथा एकाच पेशीचा आहे का याचाही अंदाज येतो. नमुना तुटपुंजा असेल तर सगळे संच लावता येत नाहीत. मग कागदावरची एक ओळ निवड ठरवते.

औषधांत एक गोष्ट कळीची. गाठ निघेपर्यंत प्रेडनिसोलोन, डेक्सामेथासोन यांसारखं कोणतंही स्टेरॉइड नको. लिंफोमाच्या पेशी स्टेरॉइडने झपाट्याने मरतात. गाठ लहान होते, घरच्यांना बरं वाटतं आणि बायोप्सीत नुसत्या मेलेल्या पेशी मिळतात. ‘सांधेदुखीसाठी’ म्हणून कुणी दिलेल्या बिननावाच्या पुड्यांतही ते मिसळलेलं असू शकतं, तेव्हा त्यांना काय काय चालू आहे ते नीट विचारा. मात्र स्टेरॉइड आधीच सुरू असेल तर मनाने एकदम बंद करू नका, डॉक्टरांना सांगा. श्वास कोंडणं, चेहरा-मान सुजणं असं काही झालं तर बायोप्सीची वाट न पाहता थेट मोठ्या रुग्णालयाच्या इमर्जन्सीत जा, तिथे स्टेरॉइड द्यायचं की नाही ते ठरवतील.

स्टेजबद्दल. फ्लोवरून स्टेज कळत नाही, पण स्टेज ठरवताना त्याची मदत होते. १९७१ च्या अ‍ॅन आर्बर पद्धतीवर आधारलेली आणि २०१४ मध्ये लुगानो वर्गीकरणाने सुधारलेली रीत आजही चालते. गाठींचा एकच गट असेल तर पहिली स्टेज. पडद्याच्या, म्हणजे डायफ्रॅमच्या, एकाच बाजूला दोन किंवा जास्त गट असतील तर दुसरी. दोन्ही बाजूंना असतील तर तिसरी. यकृत, अस्थिमज्जा, फुफ्फुस अशा ठिकाणी दूरवर पसरला असेल तर चौथी. हे चित्र बहुतेक लिंफोमांत पेट-सीटीतून मिळतं. गाठ काढल्यावर जखमेची जागाही पेटमध्ये चमकते, म्हणून ऑपरेशनची तारीख स्कॅनवाल्यांना सांगा.

फ्लो कामाला येतो तो डोळ्यांना न दिसणाऱ्या जागी. हॉजकिन निघाला आणि पेट झालेला असेल तर बहुधा बोन मॅरोच्या (अस्थिमज्जेच्या) तपासणीची गरजच पडत नाही. दुसरं काही निघालं आणि बोन मॅरो करायचं ठरलं, तर फ्लोसाठी पहिल्या ओढीचे दोन-तीन मिलिलिटर जांभळ्या झाकणाच्या ट्यूबमध्ये मागा. नंतरच्या ओढीत रक्तच जास्त येतं आणि रोगट पेशी पातळ होतात. हाडाचा बारीक तुकडाही हवाच, शक्यतो दोन सेंटीमीटर. फॉलिक्युलर लिंफोमा हाडाच्या कडेला चिकटून, तंतूंत अडकून बसतो, सिरिंजमध्ये येतच नाही. तेव्हा फ्लो निगेटिव्ह आणि तुकडा पॉझिटिव्ह अशी जोडी दिसली तर कुणाची चूक झाली असं समजू नका. उलटही होतं: तुकडा स्वच्छ, पण फ्लोला हजारात दोन-चार रोगट पेशी सापडतात. तेवढ्यावरून स्टेज चौथीवर न्यायची का, हे डॉक्टरांनी सगळं चित्र समोर ठेवून ठरवायचं असतं.

मेंदूपर्यंत रोग जाण्याचा धोका असेल, उदाहरणार्थ मोठ्या बी पेशींचा लिंफोमा किडनी, अ‍ॅड्रिनल किंवा वृषणात असेल, तर पाठीतलं पाणी काढतात. त्यात रोगट पेशी मोजक्याच असतात आणि त्या शोधण्यात फ्लो साध्या मायक्रोस्कोपपेक्षा तरबेज आहे. पण त्या पाण्यात पेशी तासाभरातच मरू लागतात. ती तपासणी डोंबिवलीत करून परळला पाठवायचा विचारही करू नका, जिथे मशीन आहे तिथेच करून घ्या.

गाठीचा रिपोर्ट येईपर्यंत जुनी सुईची स्लाइड आणि हा फ्लोचा कागद सांभाळून ठेवा, परळला दोन्ही मागतील. नव्या फ्लोच्या कागदावर आधी जिवंत पेशींची टक्केवारी आणि तपासलेल्या पेशींचा आकडा बघा, निष्कर्ष मागून वाचा. गाठीची स्लाइड आणि फ्लो यांचं उत्तर जुळत नसेल तर दोन्ही रिपोर्ट एकाच पॅथॉलॉजिस्टसमोर ठेवायला सांगा. उपचारात रिटुक्सिमॅब सुरू झालं तर पुढच्या प्रत्येक फ्लोच्या कागदावर शेवटच्या डोसची तारीख लिहायची. ते औषध सीडी२० झाकून टाकतं आणि बी पेशी मग सीडी१९ वरून शोधाव्या लागतात.